भावजींच्या वहीतली झाडं

माझे भावजी बिंदुमाधव कवी आहेत, असं आमच्या कानडी मुलखातल्या अख्ख्या बसवनगुडी पेठेत फक्त त्यांनाच वाटे. सरकारी कचेरीतला कारकून माणूस. दिवसभर फायलींत मान घालायची आणि संध्याकाळी लालबागेतल्या खडकावर बसून विश्वाशी एकरूप व्हायचं. करंज कुठला आणि कडुनिंब कुठला हे ज्याला धड सांगता येत नाही, त्याने वृक्षांवर चाळीस कविता लिहाव्यात! मी हायस्कुलात संस्कृत शिकवायचो. त्यांची वृत्तं ऐकली की माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

१९५७ साली त्यांची सहा वर्षांची अनुसूया तापाने गेली. माझी अक्का, कृष्णाबाई, हिने अंथरूण धरलं. आम्ही भावंडांनी ठरवून पोरीचा विषयच घरातून काढून टाकला. तिचे फ्रॉक, तिची पाटी, सगळं. आणि हे महाशय? रोज दिवेलागणीला अक्काच्या उशाशी बसून वही वाचत. पोरगी म्हणे आता पानांत आहे, शुक्राच्या चांदणीत आहे! मला किळस यायची. बायको खंगत चाललीय आणि हा माणूस तिला चांदण्या भरवतोय.

त्यांची खोड मोडायची म्हणून मी ती वही मागून घेतली आणि पुण्याच्या एका मासिकाकडे धाडली. जाणत्या संपादकाने एकदा नापसंती कळवली की अक्काची सुटका होईल, हा माझा हिशेब. वही परत आली. सोबत चिठ्ठी, 'आम्हांस कानडी वाचता येत नाही.' आमच्या घरांत मराठी लिहायची ती कानडी अक्षरांत, ही तीन पिढ्यांची रीत. मला दोन्ही येत असल्याने ते ध्यानातच आलं नव्हतं. ज्यांना कळेल त्यांना वाचता येईना, ज्यांना वाचता येईल त्यांना कळेना, असा हा थोर कवी.

मग पुन्हा धाडायची म्हणून मीच ती देवनागरीत उतरवायला बसलो. दर दोन ओळींनी 'अनुसूये, अनुसूये' अशी हाक, आणि दर वेळी वृत्ताचा मुडदा. मी सगळ्या हाका काढून टाकल्या. खरं सांगतो, कविता बऱ्या दिसायला लागल्या.

भावजी कचेरीत असताना पहिली अक्काला वाचून दाखवली. दोन ओळींतच ती उठून बसली.

"स्वल्प थांब, गुरुराज. नाव कुठं गेलं?"

"वृत्तात बसत नव्हतं, अक्का."

"ह्यांना कविता जमत नाही, मला गोत्तु आहे. पण हे खिडकीतून त्या चांदणीला हाक मारतात ना, तेव्हा वाटतं, पोर ऐकतेय. वर्ष झालं, ह्या घरात तिला हाक मारणारे हे एकटेच. तू तिचा मामा. घे बघू तिचं नाव, एकदा."

मी तोंड उघडलं. चाळीस कवितांतून मी ते नाव सहज खोडलं होतं, आणि आता ते माझ्या तोंडून बाहेर पडेना.