गावडोंगा डेपोत आहे

माझी आत्या सखूबाई १९८६ च्या श्रावणात वैनगंगेच्या पुरात गेली. तिच्यावरचा अन्याय मात्र त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात, कोरड्या जमिनीवर झाला. वनखात्याच्या माणसांनी आमचा गावडोंगा उचलून लाकडाच्या डेपोत नेला, तेव्हा. त्या हिवाळ्यात मी गाव सोडलं. एसटीत चढताना बाबांनी पिशवीत जवसाची चटणी कोंबली. "तू जा. मी इथीच राह्यतो." बस हलायच्या आधीच ते नदीकडे चालायला लागले होते.

गावाबाहेर वाढलेल्यांसाठी सांगतो. मार्कंड्याच्या देवळाच्या अलीकडं, नदीकाठच्या आमच्या गावात एक डोंगा कुणाचाच नव्हता. डोंगा म्हणजे अख्खं खोड कोरून केलेली होडी. मासे धरायला तो काढायचा नाही, जत्रेकरूंना पार न्यायला तर नाहीच. मासेमारी करणाऱ्या ढिवरांनी तो कोरायचा. आम्ही बौद्धांनी आणि कुणब्यांनी उन्हाळ्यात त्याला मोहाच्या बियांचं तेल चोळायचं आणि शाळेच्या टेकाडावर पालथा ठेवायचा. पूर चढला की खालच्या टोलीची, नदीलगतच्या वस्तीची माणसं त्यातून वर आणायची. कोणत्याही साहेबानं शिकवलं नव्हतं, तरी चालत होतं.

जुना तडकला म्हणून त्या वर्षी नवा कोरला. बाबा पंचायतीत मेंबर. त्यांचं म्हणणं, गावाचं काम आहे, लपवायचं कशाला? लाकडावर वनखात्याच्या हातोड्याचा, परवानगीचा शिक्का मारून घेऊ, म्हणजे उद्या कुणी बोट दाखवणार नाही. ढीवर नको नको म्हणत होते. बाबा सायकल काढून स्वतः ऑफिसात सांगून आले. मग ट्रॅक्टर आला. अवैध लाकूड म्हणे. ठेकेदारांचे ट्रक त्याच रस्त्यानं रोज लाकूड नेत होते, ते वैध.

आत्या येता-जाता बाबांना डिवचायची, "काऊन भाऊ, लागला का शिक्का?"

बाबाही हसून म्हणायचे, "लागन ना. साहेबाले फुरसत त भेटू दे."

पाणी सकाळी चढलं. आम्ही टेकाडावर, आत्या खालच्या टोलीत आपल्या कवेलूच्या छपरावर. मधे पाण्याला एवढी ओढ की पोहण्यात वाढलेले ढीवरसुद्धा मासेमारीच्या लहान डोंग्यांसकट मागे फिरले. बाबांनी धोतर खोचलं, तेव्हा तिनंच तिकडून हात केला.

"नोको उतरजो भाऊ. तुले पोयता येत नाई."

थोड्या वेळानं छप्पर बसलं.

आता मी ऊर्जानगरला वीज केंद्रात कंत्राटी कामगार आहे. शिफ्ट, गेटपास, सायरन हे शब्द तोंडात बसलेत. इथं भिंतीला वाळूच्या लाल बादल्या टांगलेल्या असतात. आग लागली तर कुठल्या दारानं पळायचं याची आमच्याकडून रंगीत तालीम करून घेतात. चांगलंच आहे. पण त्या बादल्यांकडे पाहिलं की माझं डोकं फिरतं. इथल्या मशीनसाठी आधीच विचार होतो. आत्यासाठी गावानं केलेला विचार सरकारनं उचलून नेला, आणि पुरानंतर आम्हाला ताडपत्री दिली, वर भाषण दिलं की पूर आल्यास उंच जागी जावे.

बाबांना मी इकडे बोलावून थकलो. त्यांनी आत्याच्याच पडक्या जागेवर झोपडी घातली आहे, सगळ्यात खाली. पाणी आधी माझ्या दारात येईल, मी ओरडीन, बाकीचे पळतील, असा त्यांचा हिशेब. "शिक्का मागाले मीच गेलतो," म्हणतात. या बोलण्यापुढे माझं काही चालत नाही.

मागल्या उन्हाळ्यात डेपोत जाऊन आलो. डोंगा उन्हात पडून पार फाटला आहे. परत दिला तरी तरंगणार नाही. साहेब म्हणाले, केस चालू आहे. गावात विचारलं, नवा कोरायचा का? ढीवर उठून गेले. नागपूरला गेलेल्या आपल्या पोरांना पत्रकं पाठवली. एकाचंही उत्तर नाही. मला घर विचारलं की आता गाव आठवत नाही. खाली बसलेला एक म्हातारा आणि त्याच्यासमोरचं पाणी, एवढंच घर उरलं आहे. यंदाही काही होईल असं मला वाटत नाही.

तरी मागतो. हे वाचणारे जे कोणी त्या टेकाडावर वाढलात, त्यांनी मृगाआधी गावी या. अर्ज घेऊन नको, कुऱ्हाड आणि खोड कोरायचा वाकस घेऊन या. ऑफिसात विचारायला जाऊ नका. खोड पाडा, कोरा, टेकाडावर ठेवा. आणि वनखात्याचे लोक पंचनामा करायला येतील तेव्हा डोंगा कोरणारे म्हणून माझ्या नावाखाली तुमचं नाव घाला.