शेजाऱ्याचं काम

वडशाच्या एका नाटक कंपनीत डोमा गुरनुले सव्वीस वर्षं दुय्यम कामं करत आला. इन्स्पेक्टर, वकील, नायिकेचा बाप. पोस्टरवर त्याचा फोटो सगळ्यात खाली, तिकिटाएवढा. त्याची त्याने कधी तक्रार केली नाही. गावोगावची माणसं त्याला ‘साहेब’ म्हणून चहा पाजायची, तेवढ्यावर तो खूश असायचा.

कंपनीचा लेखक लोकेश त्याचा जिवाभावाचा मित्र. दौऱ्यावर दोघं पंधरा वर्षं एकाच खोलीत उतरत. ब्रह्मपुरीच्या टपरीवर एकदा डोमाने त्याला मनातलं सांगितलं. चार वर्षांपूर्वी त्याची मुलगी दिव्यानी मुलचेऱ्याकडच्या एका बंगाली मुलाशी लग्न करून निघून गेली. तिसऱ्या दिवशी दोघं आशीर्वादाला आले. डोमा घरात एकटाच होता. कडीवर हात ठेवून उभा राहिला, पण दार उघडलं नाही. दिव्यानी तासभर बाहेर पायरीवर बसली, हापशीचं पाणी प्यायली आणि गेली. ‘मी वावरात होतो,’ असं त्याने बायकोला, चंदाला, सांगितलं होतं.

पुढच्या दसऱ्यानंतर नव्या नाटकाचं वाचन झालं. दुसऱ्या अंकात बाप कडीवर हात ठेवून उभा होता. बाहेर मुलगी हापशीवर पाणी पीत होती. डोमाने लोकेशकडे पाहिलं. लोकेशने वहीतून मान वर केली नाही. बापाचं काम नागपूरच्या एका नटाला दिलं होतं. डोमाच्या वाट्याला शेजारी आला, एकाच वाक्यासाठी: “तुहा बाप वावरात गेला, पोरी.”

वाचन संपल्यावर डोमाने लोकेशला अंगणात गाठलं.

“लोकेश, हे मी तुले सांगतलं होतं. तुले एकट्याले.”

“नावं बदलवली न, भाऊ. कोणाले कळते?”

“चंदाले कळन.”

“आपल्या नाटकात बाप शेवटी दार उघडते. लोकं ढसाढसा रडतीन, पाहा.”

“मी नाई उघडलं.”

“म्हून तं बदललं,” लोकेश म्हणाला आणि चहा प्यायला गेला.

तारखा लागल्या होत्या. हातातलं काम डोमाने आजवर सोडलं नव्हतं, तेही सोडलं नाही. नाटक तुफान चाललं.

जानेवारीत सिंदेवाहीच्या प्रयोगाला चंदा आली. हापशीचा प्रसंग सुरू होताच ती उठून गेली. सकाळी तिने एवढंच विचारलं, “तुमी घरीच होते?” तिने पिशवी भरली आणि लेकीकडे, मुलचेऱ्याची गाडी धरली.

चार दिवसांनी दिव्यानीचा फोन आला. लग्नानंतरचा पहिला.

“बाबा, तुमी अंदर होते हे मले तवाच मालूम होतं. तुमच्या चपला पायरीवर होत्या. आईले मी काई सांगतलं नाई. तुमची इज्जत राहो म्हून. आन तुमीच बाहेरच्याले सांगतलं?”

“पोरी, मले का मालूम तो...”

फोन कटला होता.

होळीनंतर डोमाने कंपनी सोडली. लोकेशने त्याला एकदाही अडवलं नाही, शेजाऱ्याचं काम दुसऱ्याला दिलं. चंदा मुलचेऱ्याहून पंधरा दिवसांतच परतली होती. रांधते, वाढते, कामापुरतं बोलते. यंदा डोमा दुसऱ्या मंडळीत इन्स्पेक्टर आहे. गाडीत सोबतचे नट घरच्या गोष्टी काढतात, तेव्हा तो खिडकीकडे तोंड करून झोपेचं सोंग घेतो.