शिंदखेड्याच्या तंबूतलं नाव

पुण्याच्या स्टुडिओत माझं पहिलं काम राणीच्या मागे उभं राहून चवरी ढाळण्याचं होतं. पुढे मी सखी झाले, दासी झाले, जत्रेतली बाई झाले. एकदा दोन वाक्यं मिळाली. माझा आवाज पोहोचेना, म्हणून मायक्रोफोन खाली घेतला, आणखी खाली घेतला. तो चित्रात दिसू लागला तेव्हा ती वाक्यं दुसरीला देऊन टाकली. वाईट वाटलं, पण त्याहून जास्त सुटल्यासारखं वाटलं.

या चित्रांत माझं नाव कुठेच नव्हतं. वडील गेल्यावर आई शिंदखेड्याला मामांकडे राहायला गेली आणि मी मावशीबरोबर पुण्याला आले. निघताना आईने एवढंच बजावलं होतं, "तोंडले रंग लाईसन त्यासनं नाव मिरवू नको." म्हणजे वडिलांचं. नातेवाइकांची बोलणी खाऊन जळगावच्या इंग्रजी शाळेत मला त्यांनीच घातलं होतं.

ते इंग्रजीच उपयोगी पडलं. दिग्दर्शक परदेशी मासिकांतल्या गोष्टी माझ्याकडून वाचून घेत. त्या सांगता सांगता मी त्यांत पदरचं घालू लागले. मग दुसऱ्यांचे संवाद नीट उतरवून देणं आलं, मग माझे संवाद आणि शेवटी एक अख्खी पटकथा. चित्राच्या सुरुवातीच्या पाटीवर नाव काय घालायचं, असं विचारलं तेव्हा मी वडिलांच्या नावासकट पूर्ण नाव दिलं. तोंडाला रंग नव्हता, त्यामुळे आईची अट मोडत नव्हती. आईने ते नाव वाचावं आणि काहीतरी म्हणावं, एवढंच मला त्या चित्राकडून हवं होतं.

चित्र शिंदखेड्याला पोहोचलं ते फिरत्या तंबूतून. नाव अगदी सुरुवातीला येईल, उशीर करू नका, असं मी कळवलं होतं. दिवाळीला गेले तेव्हा आईने आपण होऊन विषय काढला नाही. शेवटी मीच विचारलं.

"तुनं नाव उनं नही," ती म्हणाली.

मामी म्हणाली, पुणेकरांनी पोरीला राबवून घेतलं आणि नाव स्वतःचं लावलं, दुसरं काय.

तुम्ही कुठे बसला होता, असं मी विचारलं. पडद्याच्या मागे, मामी म्हणाली, बायका तिथेच बसतात. गावातल्या व्यापारी घरांतल्या बायका पुरुषांच्या नजरेसमोर बसत नाहीत, म्हणून तंबूवाल्याने ती सोय केली होती. पडदा पाण्याने भिजवला की चित्र आरपार दिसतं. डावं तेवढं उजवीकडे जातं. गोष्ट समजते, गाणी ऐकू येतात, कोणाची तक्रार नसते. पाटीवरची अक्षरं वाचायला कोणी जात नाही. आई मात्र वाचायला गेली होती. ती पोथी वाचते, ओळीवर बोट ठेवून, सावकाश.

"अक्षरं उनात," ती म्हणाली, "पन बठ्ठा आमनाकडे पाठ फिराईसन उभा व्हतात."

पडद्यामागून सगळी अक्षरं उलटी दिसतात, त्यांतच माझं नाव होतं, असं मी समजावून सांगितलं. तिने ऐकून घेतलं, पण ऐकलेलं आणि वाचलेलं तिच्या लेखी एक नव्हतं. तंबू तेव्हा साक्रीला गेला होता. तिथे जाऊ, पुढच्या बाजूला बसू, असं मी म्हटलं.

"माणसेसमा बठीसन?" पुरुषांत बसायचं म्हटल्यावर तिने विचारलं आणि तांदूळ निवडायला घेतले. मला आग्रह करता येत नाही. पुढचं चित्र धुळ्याच्या पक्क्या थिएटरात दाखवू, तिथे बायकांना माडी आहे, अशी मी माझीच समजूत घातली.

पुढचं चित्र झालं नाही. दुसऱ्या महायुद्धात कच्ची फिल्म मिळेनाशी झाली आणि स्टुडिओ बंद पडला. त्या चित्राची प्रत कुठे असेल, ते आता सांगता येत नाही. मी जळगावला मुलींना इंग्रजी शिकवते. आई माझ्याजवळ असते. शेजारच्या अक्का तिला कधीतरी विचारतात, मुलगी इतकी वर्षं पुण्याला काय करत होती.

"शिकाले गयती," आई सांगते.

मी आतल्या खोलीत असते. ते ऐकते आणि मुलींची पुढची वही तपासायला घेते.