तासावरचा लिलाव

आमच्या गावच्या तळ्याचं पाणी हिवाळा सरता सरता मागं हटतं आणि कडेची काळी, ओली जमीन उघडी पडते. तिला गाळपेर म्हणतात. तिचे तुकडे पाडून ते पावसाळ्यापर्यंत पेरायला कुणाला द्यायचे, हे गाव लिलाव करून ठरवतं. पण आमचा लिलाव इतर गावांसारखा नाही. मारुतीच्या देवळापुढच्या लिंबाला जाड पितळी तास टांगलेला असतो. शिपाई त्यावर एकदाच टोला देतो. त्याचा नाद हवेत घुमत असेपर्यंत बोली बोलायची. नाद विरायच्या आत ज्याचा आवाज शेवटी आला, त्याचा तुकडा. नाद ऐकायला दोन जाणती माणसं लोकांकडं पाठ करून बसतात. नाद संपला की ती हात वर करतात. मग कुणी कितीही ओरडा, उपयोग नाही. पूर्वी लिलाव दिवस दिवस चालायचे, डोकी फुटायची. म्हणून जुन्या लोकांनी ही रीत पाडली, असं वडील सांगायचे.

मी मात्र या लिलावाला उभा राहिलो तो कान गेल्यावर.

जालन्याच्या एमआयडीसीत लोखंडाच्या मिलमध्ये मी बरीच वर्षं काढली. तापल्या सळ्यांच्या आणि रोलांच्या आवाजात कान हळूहळू बसत गेले. समोरचा माणूस बोलला तर ओठ बघून समजायचं, पण बारीक आवाज गेले ते गेलेच. शेवटी जालन्यातली मस्तगडची भाड्याची खोली सोडून आम्ही गावी परतलो. मेंढरं राखणं आमच्या घरात पिढ्यांचं. सासऱ्यांनी काही मेंढ्या दिल्या, त्यावर सुरुवात केली. उन्हाळ्यात त्यांना हिरवा चारा हवा होता, आणि तो गाळपेरातच निघाला असता.

पहिल्या वर्षी मी एकटाच गेलो. टोला ऐकू आला, आणि माझ्यापुरता तिथंच संपला. आता संपेल, मग संपेल, या धास्तीनं मी घाईघाईनं बोली बोलून मोकळा झालो. बाकीचे माझ्यानंतर कितीतरी वेळ बोलत होते. मी मनात धरलेले दोन्ही तुकडे गेले. त्या उन्हाळ्यात मेंढरं घेऊन मी पार गोदाकाठाला गेलो, आणि बायको घरी एकटी राहिली.

दुसऱ्या वर्षी ती म्हणाली, "म्या येते संगं. नाद संपत आला की तुमचं कोपर दाबते."

युक्ती बरी वाटली. ती माझ्या मागं उभी राहिली, डोक्यावर पदर घेऊन. पहिल्या तुकड्याचा टोला पडला. माणसं बोलत होती, मी कोपराकडं ध्यान लावून होतो. कोपर दाबलं गेलं, मी ओरडलो. समोर बघतो तर त्या दोघा जाणत्यांचे हात वर.

"गेला!" शिपाई म्हणाला.

तिनं मला बाजूला ओढलं. मला ओठ दिसावेत म्हणून ती नेहमी अगदी समोर येऊन बोलते. "तुम्हाला सांगूस्तवर संपून राह्यलंय. म्याच वरडू का?"

आमच्या गावात लिलावात बाई कधी बोलली नव्हती. मला भोवतालची माणसं दिसत होती, त्यात माझे चुलते होते. तिलाही ते दिसत होतेच. मी म्हणालो, "वरड."

दुसरा तुकडा, तळ्याच्या उत्तरेचा. टोला पडला. माणसं हात उडवत ओरडत होती. ती मान जराशी तिरकी करून, डोळे मिटून उभी होती. इतकं मन लावून ऐकणारा चेहरा मी कधी पाहिला नव्हता. एकेक तोंड बंद होत गेलं. आता संपलंच असं मला वाटलं, तेवढ्यात तिचे ओठ हलले. पुढच्या क्षणाला दोन्ही हात वर गेले.

एकच गलका उठला. शेवटची बोली आपलीच, असं धरून बसलेला एक शेतकरी पुढं आला. पुढचं सगळं बोलणं बायकोनं मला नंतर सांगितलं. "बाईचं बोलणं कसं धरता? लिलावाला तर तिचा नवरा उभा हाय."

नाद ऐकणाऱ्या दोघांपैकी एक म्हातारे भजनात पखवाज वाजवायचे. ते मान न वळवताच म्हणाले, "आमच्या पाठीला डोळे न्हाईत. आवाज आला, मंग नाद संपला. आमचं काम एवढंच. बाई का बाप्या, ते कुणी कधी ठरवलंच न्हाई."

"मंग आज ठरवा की."

"लिलाव झाल्यावर? पुढच्या साली बोल."

शेतकरी पुटपुटत बाजूला झाला. चुलते हसले की रागावले, ते मला कळलं नाही. मी बायकोकडंच बघत होतो. तिनं पदर सारखा केला आणि आम्ही घरची वाट धरली.

वाटेत विचारलं, "एवढं बराबर कसं जमलं?"

"जमवलं कुठं? तोंडातून आवाजच फुटत नव्हता. फुटला तवा बाकीचे गप झाल्ते."

त्या उन्हाळ्यात आम्ही चारा पेरला आणि कडेनं काकडी लावली. मेंढरं गावातच राहिली. मीही.

पुढच्या साली बाईनं बोलावं की नाही हा विषय निघालाच नाही. निघायच्या आत आणखी तिघी येऊन उभ्या राहिल्या. यंदा तर माझ्या बायकोनं त्यांच्याशी आपसांत ठरवून तळ्याकाठचा मधला मोठा तुकडा चौघींत मिळून घेतला. मला ते लिलावातच कळलं, तेही तिच्या हसण्यावरून. खरबूज लावायचं म्हणतात. उद्या सकाळी आळी करायची आहेत, आणि कुदळ घेऊन जल्दी यायला मला सांगितलंय.