ओटीवरचा शिपाई

ठाण्याच्या कोर्टाबाहेर मी एका वकिलांकडे टायपिस्ट होतो, तेव्हा नौपाड्यातली एक विधवा बाई आमच्याकडे यायची. तिचं नाव सांगणार नाही. बाकावर ती कधी बसली नाही; उभ्यानंच बोलायची आणि बोलताना पदराची गाठ चाचपत राहायची. त्या गाठीत कोर्टाचा हुकूम होता.

दीर तिला घरातून घालवायला टपलेला. ती अंगणातल्या सामाईक विहिरीवर गेली की कळशी लाथाडायचा, दोर कापायचा. म्हणून रोज सकाळी तिचं पाणी भरून होईपर्यंत पोलीस शिपायानं तिथं हजर राहावं, असा हुकूम आम्ही मिळवला होता. मला त्याचा केवढा अभिमान.

आठवड्यानं ती आली. "हुकुमात एक ओळ वाढवून मिळेल का? शिपायानं चहा माझ्या दारी प्यावा."

वकीलसाहेब हसले. मी विचारलं, तेव्हा कळलं. विधवेच्या दारी परका पुरुष बसणं रीतीला धरून नाही, म्हणून शिपाई घरच्या पुरुषाकडे, म्हणजे दिराच्याच ओटीवर बसायचा. दीर आग्रहानं कपबशी पुढे करायचा. मग दोघं मिळून रिकामी कळशी घेऊन निघालेल्या तिला थांबवायचे, घरातलं घरात मिटवा म्हणून सांगायचे. त्या रीतीची मला आजही चीड येते.

"असलं काही कोर्ट लिहून देत नाही," साहेब म्हणाले.

तिनं गाठ सोडली, हुकूम टेबलावर ठेवला.

"मग हा परत घ्या. शिपाई यायच्या आधी मला अडवणारा एकच होता."