कौसाची देवी जात नव्हती

"स्किझोफ्रेनिया," जालन्याचे डॉक्टर म्हणाले. मला तो शब्द धड उच्चारताही येईना. मग त्यांनी सोपं करून सांगितलं. नसलेले आवाज कानी येतात, माणसाला ते खरेच वाटतात आणि हळूहळू घरातली माणसं परकी होतात. निजामशाही जाऊन चार-पाच वर्षं झाली होती. माझी धाकटी बहीण कौसा शेजारच्या बाकावर बसून कुणाशी तरी बोलत होती.

तोवर पिंपळगाव रेणुकाईला, तिच्या सासरी, हा रोग नव्हताच. तिच्या अंगात देवी येत होती. मंगळवारी बायका तिची ओटी भरायच्या. एरवी सुनेला पाण्यात पाहणारी सासू तिच्या पाया पडायची. जेवण सोडलं, तर उपास धरला म्हणायचे. आम्हालाही त्याचं कौतुकच होतं.

आजाराचं नाव सांगण्याआधी डॉक्टरांनी तिचं रक्त तपासलं, त्यात काही निघालं नाही. मग ते नुसते विचारत बसले. गावात आणखी कुणाच्या अंगात येतं का? मी म्हणालो, "येतं की. आरती झाली की पानी पितात अन् घरी जाऊन भाकरी थापतात."

"आणि हिच्या?"

मी खरं ते सांगितलं. कौसाची देवी आरतीनंतरही जात नव्हती. चूल सुटली होती, झोप सुटली होती, पोटच्या मुलीलाही ती जवळ घेत नव्हती.

"येऊन जातं त्याला आम्ही आजार म्हणत नाही," डॉक्टर म्हणाले. "हे जात नाही. पूर्ण बरी होईल असं मी सांगणार नाही."

मोठ्या दवाखान्यात नेऊन विजेचे झटके दिले. आवाज कमी झाले, तिचं बोलणंही आटलं.

आजाराचं नाव कळलं की सासरचे समजून घेतील, असं मला वाटलं होतं. तिला पोचवायला गेलो, तर सासूनं दारातच अडवलं. "पाव्हणं, देवी होती तवर सांभाळली. येडी घरात ठेवून नातीचं लगीन कसं करावं?" मी कौसाला परत माझ्या घरी आणलं.

तुमच्या घरी असं कुणी असेल तर डॉक्टरकडे जरूर न्या. रोग्याला झोप तरी मिळते. आमच्या डॉक्टरांनी खोटी आशा दाखवली नाही, याचे उपकार मी मानतो. बाकी आशा मी सोडली आहे.

दिवाळीला कौसाची मुलगी, माझी भाची, आमच्याकडे आली. कौसानं तिला निरखून पाहिलं आणि विचारलं, "तू कुनाची गं?"

आईचं नाव घ्यायचं नाही, असं पोरीला तिकडच्या आजीनं शिकवून पाठवलं होतं. ती म्हणाली, "मामाची."

कौसानं मान हलवली. तिला ते पटलं होतं.