बाबांची साक्ष

बाबांना अंधेरीच्या कारखान्यातून काढलं तेव्हा मी सातवीत होते. लेबर कोर्टाचा निकाल लागला तेव्हा माझं लग्न होऊन मला मुलगी झाली होती. मधल्या सगळ्या वर्षांत भांडुपच्या आमच्या खोलीत एकच माणूस कमावत होतं, ती आई. पहाटे उठून ती जवळच्या खानावळीसाठी चपात्या लाटायची. बाबांनी खूप कामं शोधली, पण कंपनीवर केस घातलेल्या माणसाला कोण ठेवून घेतो? चपात्यांचा डबा मात्र तेच पोचवायचे, मागच्या गल्लीने. गाववाल्यांनी विचारलं की म्हणायचे, "चाललंय आपलं, सुटी कामं घेतो." आईसमोरच म्हणायचे. ती पदराला हात पुसत आत जायची. माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची, पण बोलायची सोय नव्हती.

साक्षीच्या आदल्या दिवशी युनियनच्या वकिलांनी बाबांना समोर बसवून समजावलं.

"त्यांचा वकील एकच विचारणार, इतकी वर्षं घर कसं चाललं. खरं ते सांगा. काम मिळालं नाही, बायकोने पोसलं. मग कामावर परत जाल आणि मधल्या वर्षांचा पगारही मागता येईल."

बाबांनी मान हलवली. 'पोसलं' ऐकताना त्यांचा चेहरा पडला होता, तो मी पाहिला आणि सोडून दिला. याचा मला अजून पस्तावा होतो.

कोर्टात आई ठेवणीतली साडी नेसून माझ्याशेजारी बसली होती. आमच्या मागे बाबांचे दोन गाववाले, धीर द्यायला आलेले. कंपनीचा वकील अगदी गोड आवाजात म्हणाला, "म्हणजे इतकी वर्षं तुम्ही बायकोच्या जिवावर बसून खाल्लंत?"

बाबांनी मागे वळून पाहिलं. आमच्याकडे नाही, गाववाल्यांकडे.

"बसून नाही खाल्लं, साहेब. मी कमवत होतो. घर मीच चालवलं."

आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. नंतर त्यांनी सारवासारव करून पाहिली, पण बाबा शब्द मागे घेईनात. कुठे काम केलं हे सांगता येईना, तरी "केलं ना" एवढंच म्हणत राहिले. मी आईकडे पाहिलं. ती खाली बघून बांगड्या मागे सारत होती.

निकाल आला. चौकशी न करता काढलं, ते बेकायदा, कामगाराला पुन्हा कामावर घ्या. मागचा पगार मात्र नाही, कारण या काळात आपण कमावत होतो असं कामगाराने स्वतःच सांगितलं आहे. आईने मला तो कागद घरी मोठ्याने वाचायला लावला. वाचून झाल्यावर तिने विचारलं, "चपात्यांचा खंयच नाय?"

"नाही गं, कुठेच नाही."

मग मात्र मला राहवलं नाही. मी बाबांना नको नको ते बोलले. तुमच्या फुकाच्या मानापायी आमची वाट लागली, असंही बोलले. आईने मला थांबवलं नाही, बाबांनीही नाही. पुढच्या सोमवारपासून ते कामावर जाणार होते आणि निवृत्तीला जेमतेम वर्ष उरलं होतं. ते कॉटच्या कडेला बसले. मग आईला म्हणाले, "चुकलो गो मी. तुझे एवढे पैसे घालवले."

आई दुसऱ्या दिवशीचं पीठ चाळत होती. हात न थांबवता ती म्हणाली, "पैशांचा जाऊंदे. तिथे सगळ्यांसमोर माझा काम सांगितला असतात, तर माका पुरे होता."

ती रागावून बोलली असती तर बाबांना सोपं गेलं असतं.